तिसरा तुकडा

"मावशी, शुक्रवारी ते पत्र वर न्यायचंय. केसलर सर म्हणाले, काच तुम्हीच आणा," चैत्राली म्हणाली आणि तिनं माझा स्टीलचा डबा टेबलाच्या कोपऱ्यावर ठेवला.

मी हातातला चिमटा खाली ठेवला.

"वर म्हणजे कुठे?"

"मोठ्या हॉलमध्ये. रिटायरमेंटचं लेक्चर आहे ना त्यांचं! स्लाइड नको म्हणतात, ओरिजिनल दाखवायचंय. कॅमेऱ्याखाली, लाइव्ह. शिकागोहून, बॉस्टनहून लोक येतायत."

"आणते की. मी नाही तर कोण आणणार?"

एकोणीस वर्षं मी ज्या दिवसाची वाट बघत होते, तो आपल्या पायांनी चालत तळघरात आला होता. मला हसू आवरेना. ते लपवायला मी डबा उघडला. आत दोन कॅरॅमलच्या गोळ्या होत्या.

चैत्राली केसलरकडे पीएच.डी. करते. रिकामा डबा परत करायचा नाही, ही तिच्या आईची पुण्याहून फोनवर दिलेली ताकीद. चार वर्षांत एकदाही चुकली नाही पोरगी. कधी चमचाभर साखर, कधी चार बदाम, आणि एकदा बर्फामुळे दुकानं बंद होती तर कॉफीच्या मशीनपाशी ठेवलेल्या साखरेच्या दोन पुड्या. माझा स्वतःचा मुलगा अंकुर शुगर लँडला असतो. दर रविवारी फोनवर "Yeah Mom, all good" एवढंच म्हणतो. त्यामुळे त्या पुड्या मी अजून जपून ठेवल्या आहेत, हसायचं असेल तर हसा.

मी मंजुषा साळवे. नगरची. आमचं घर मिशन कंपाउंडच्या मागे होतं आणि वडील मिशनच्या छापखान्यात अक्षरांचे खिळे जुळवायचे. पवित्र शास्त्राची पुस्तकं, गायनाची पुस्तकं, सगळी त्यांच्या बोटांखालून गेली. पुस्तकावर छापणाऱ्याचं नाव असायचं, लिहिणाऱ्याचं असायचं. जुळवणाऱ्याचं कधी नसायचं. वडील म्हणायचे, "असू दे गं, देवाला ठाऊक आहे." मी मात्र तेव्हाच ठरवलं होतं की नुसतं देवाला ठाऊक असणं मला पुरणार नाही.

आणि नशीब असं की मीही जुळवणारीच झाले. मिशिगनमधलं हॅलम नावाचं लहानसं विद्यापीठ, त्याचं ग्रंथालय, त्याचं तळघर. सव्वीस वर्षं मी तिथे पपायरसचे तुकडे जुळवते. पपायरस म्हणजे इजिप्तमधल्या लव्हाळ्याचा कागद. जुना झाला की वाळल्या पानासारखा तुटतो. ते तुकडे ओळखायचे, जपानी कागदाच्या बारीक पट्ट्यांना खळ लावून जोडायचे आणि दोन काचांमध्ये बंद करायचे. ॲन आर्बरच्या मंडळात गणपतीला गेलं की एखादे डॉक्टरकाका हमखास विचारतात, "मंजुषा, अजून लायब्ररीतच का?" जणू मी पुस्तकांवर शिक्के मारते.

ते पत्र मी शोधलं. मी. वॉरन केसलर नव्हे. सतराशे तुकड्यांच्या खोक्यातून, तीन महिने कंबरेचा काटा ढिला करून, दोन तुकडे एकमेकांचे आहेत हे मी ओळखलं. सतराशे वर्षांपूर्वी इजिप्तमधल्या एका खेड्यातल्या ख्रिस्ती बाईनं शहरातल्या भावाला लिहिलेलं पत्र. तेओनिला तिचं नाव. 'तू नेलेलं पुस्तक परत पाठव. आमच्याकडच्या विधवांना वाचून दाखवायला दुसरं काही नाही. तू पाठवलेले ऑलिव्ह नासके निघाले. प्रभूमध्ये सर्वांना सलाम.' त्या नासक्या ऑलिव्हमुळे ती बाई मला एकदम आमच्या कंपाउंडमधली वाटली. मी तिथेच बसून रडले.

केसलरनं ते पत्र छापलं. 'मला सापडलेलं पत्र' असं छापलं. शेवटी बारीक अक्षरांत एक ओळ होती: 'टेक्निकल स्टाफचे आभार.'

तेवढ्यावर थांबला असता तर कदाचित मी गिळलंही असतं. पण दोन महिन्यांनी तो एक तिसरा तुकडा घेऊन खाली आला. बोटभर लांबीचा. त्यावर शब्द होते, 'मंडळीची वडील', म्हणजे चर्चमधली ज्येष्ठ. अक्षर सारखं दिसत होतं. हा तुकडा पत्राच्या तळाला बसला की तेओनिला साधी बाई उरत नव्हती, त्या खेड्यातल्या मंडळीची पुढारी ठरत होती. त्या काळात बाई मंडळी चालवत होती याचा लेखी पुरावा! केसलरचे डोळे लकाकत होते.

मी तुकडा पालथा केला. पपायरसची खरी ओळख अक्षरांत नसते, तंतूंत असते. चट्ट्यापट्ट्याचा सदरा फाटला तर तुकडा त्याचाच आहे की नाही हे आपण पट्टे जुळवूनच बघतो ना, तसं. पत्राच्या मागच्या बाजूला एक जाड तपकिरी तंतू वरपासून खालपर्यंत उतरत येतो. तिसऱ्या तुकड्यावर तो नव्हताच. हा तुकडा दुसऱ्याच कुठल्या कागदाचा होता.

"डॉक्टर केसलर, मागून..." मी सुरुवात केली.

त्यानं तळहात वर केला. ट्रॅफिक पोलीस करतो तसा. "मंजू, वाचायचं काम आमचं. तू फक्त जोड."

मी जोडला. बरोबर तो म्हणाला तिथे. आणि नोंदीच्या कार्डावर त्याच दिवशी लिहून ठेवलं: 'तिसरा तुकडा या कागदाचा नाही. मागचे तंतू जुळत नाहीत. प्रोफेसरांच्या सांगण्यावरून जोडला. एम. साळवे, ९ मार्च २००६.' ही कार्डं खालच्या खणात असतात. वाचणारे लोक ती कधी वाचत नाहीत. काचसुद्धा कधी उलटत नाहीत, कारण मागे अक्षर नसतं. त्यांच्या लेखी जिथे अक्षर नाही तिथे काहीच नाही.

मी तोंड शिवून बसले. त्याला चढू दिलं. पुस्तक झालं, बक्षीस झालं, टीव्हीवर मुलाखत झाली. जितका वर जाईल तितका जोरात पडेल, असं मी दर वेळी स्वतःशी म्हणायचे आणि मला झोप छान लागायची. सूड देवावर सोडावा हे आम्हाला संडे स्कूलपासून शिकवलेलं. पण देवाला आधीच इतकी कामं; हे एक मी माझ्याकडे ठेवलं.

गुरुवारी संध्याकाळी चैत्राली जेवायला आली. खिमा आणि ज्वारीच्या भाकऱ्या. घरी असताना मटणाला हात लावत नव्हती म्हणे. आता ताट चाटूनपुसून साफ करते.

"मावशी, थीसिसचा थर्ड चॅप्टर सबमिट केला," ती म्हणाली. "यार, इतकं हलकं वाटतंय! आता फक्त डिफेन्स. जानेवारीत."

"काय आहे तिसऱ्यात?" मी विचारलं. मला माहीत होतं.

"सगळं त्या तळाच्या तुकड्यावरच तर आहे. तेओनिला मंडळीची वडील होती म्हणजे तिच्या हातात काय काय अधिकार असणार, पुस्तकं कुणाकडे राहायची, कोण वाचायचं... तुम्हाला आठवतं? याच टेबलावर मी तुम्हाला विचारलं होतं, हा टॉपिक घेऊ का म्हणून. फर्स्ट इयरला."

"आठवतं."

"तुम्ही म्हणालात, तुझी मर्जी."

"मग? मर्जी तुझीच होती ना?" मी जरा जोरातच बोलले. ती गोंधळून माझ्याकडे बघायला लागली.

तेव्हाच सांगायला हवं होतं. शब्द ओठांवर आला होता. पण सांगितलं असतं तर ती रातोरात केसलरकडे धावली असती, त्यानं पत्र वर नेणं कॅन्सल केलं असतं, आजारपणाचं निमित्त केलं असतं, गुपचूप दुरुस्ती छापली असती आणि पुन्हा 'टेक्निकल स्टाफ'चे आभार मानले असते. मला ते नको होतं. मला त्याचं नाक भर सभेत कापायचं होतं. सुक्याबरोबर ओलंही जळतं, असं मी मनाला बजावलं. पोरगी तरुण आहे, दुसरा चॅप्टर लिहील. मी उरलेला खिमा तिच्यासाठी माझ्या स्टीलच्या डब्यात भरला आणि वर दोन भाकऱ्या घडी करून ठेवल्या.

शुक्रवारी मी निळी इरकल नेसले. हॉल भरला होता. मी ढकलगाडीवरून काच आणली, कॅमेऱ्याखाली ठेवली आणि नेहमीसारखी बाजूला उभी राहिले. पडद्यावर तेओनिलाचं पत्र भिंतीएवढं झालं. केसलर आता एकाहत्तर वर्षांचा. आवाज मात्र तसाच, तुपातला.

"आणि इथे, तळाशी," तो म्हणाला, "सतराशे वर्षांचं मौन संपतं."

मी पुढे झाले आणि काच उलटी केली.

पडद्यावर अक्षरं गेली. नुसते तंतू आले, वरून खाली उतरणारे, आणि मधोमध तो जाड तपकिरी. उतरत उतरत तो शेवटच्या जोडापाशी आला आणि तुटला. त्याखालच्या तुकड्यावर तो नव्हताच. लहान मुलालाही दिसलं असतं.

"मंजू, काय करतेस?" केसलर म्हणाला. इंग्रजीत अर्थातच, पण मला ते मराठीतच ऐकू आलं.

"मागची बाजू दाखवते आहे, डॉक्टर. ती कधी कुणी बघितली नाही."

पहिल्या रांगेतून शिकागोहून आलेल्या एक प्राध्यापक बाई उठून आल्या. त्यांनी भिंग काढलं, बराच वेळ बघितलं, आणि मग केसलरकडे न बघता म्हणाल्या, "हा तुकडा इथला नाही."

केसलरचा तळहात वर गेला. तोच, जुना. एकोणीस वर्षांपूर्वीचा. या वेळी मात्र कुणीच थांबलं नाही. सगळे उठून काचेभोवती गोळा झाले. हात तसाच थोडा वेळ हवेत राहिला, मग खाली आला. देवाशप्पथ सांगते, असं सुख मला नवऱ्याच्या हयातीत मिळालं नाही की मुलाच्या जन्माच्या वेळी.

"हे तुझ्या आत्ता लक्षात आलं?" त्यानं विचारलं. आवाजातलं तूप संपलं होतं. "माझ्या शेवटच्या दिवशी?"

आत्ता? मी इतकी मूर्ख वाटले याला? मी पर्समधून ते नोंदीचं कार्ड काढलं आणि कॅमेऱ्याखाली ठेवलं. माझं अक्षर भिंतीएवढं झालं. सहीसकट, तारखेसकट.

"ज्या दिवशी तुम्ही मला जोडायला सांगितलंत," मी म्हणाले, "त्याच दिवशी. हे पत्रही मीच शोधलं होतं. ते दोन तुकडे मी जुळवले. माझं नाव मंजुषा साळवे आहे. मंजू नाही, टेक्निकल स्टाफ नाही."

कुणीतरी टाळी वाजवली. मग आणखी दोघा-तिघांनी. केसलर खुर्चीत बसला आणि पाण्याचा ग्लास शोधायला लागला. मी तो त्याच्यापुढे सरकवला नाही.

गर्दीतून चैत्राली पुढे आली. तिनं पडद्याकडे बघितलं नाही. सरळ गाडीपाशी आली, कार्ड उचललं आणि डोळ्यांजवळ धरून वाचलं.

"मावशी, दोन हजार सहा?"

"हो!" मी अजून त्याच तोऱ्यात होते. "त्याच दिवशी लिहून ठेवलं."

"मी दोन हजार एकवीसला आले."

माझ्या पुराव्यात एवढं एकच मी कधी मोजलं नव्हतं. तिनं कार्ड होतं तिथे, होतं तसं, कडेला कड लावून ठेवलं. मीच शिकवलं होतं तिला तसं ठेवायला. आणि ती हॉलच्या मागच्या दाराने निघून गेली. मी हाक मारली. माझा आवाज टाळ्यांत गेला, की तिनं ऐकून न ऐकल्यासारखं केलं, मला कळलं नाही.

त्या रात्री फोन केला, उचलला नाही. शनिवारी केला. रविवारी तिच्या दारापर्यंत गाडी नेली आणि बेल न वाजवता परत आणली. काय सांगणार होते? सुक्याबरोबर ओलं जळतं, असं?

सोमवारी ग्रंथालयाच्या संचालिका स्वतः तळघरात आल्या. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच. विद्यापीठ दुरुस्ती छापणार आहे म्हणाल्या, आणि काचेच्या पेटीसाठी नवी पाटी करून आणली होती. 'तेओनिलाचं पत्र. शोध आणि जुळणी: मंजुषा साळवे.' ठळक अक्षरांत. मी बोट फिरवून बघितलं. वडील असते तर चष्मा लावून आधी अक्षरांमधली जागा तपासली असती.

चैत्रालीचं त्यांनीच सांगितलं. डिफेन्स पुढे ढकललाय, टॉपिक बदलतेय, व्हिसाचं कसं होतं ते बघताहेत.

त्या गेल्यावर मी दाराकडे वळले. दाराबाहेरच्या स्टुलावर माझा डबा होता. घासलेला, पुसलेला, झाकण घट्ट लावलेलं. कधी ठेवून गेली कोण जाणे.

मी टेबलावर आणून उघडला. कामाच्या दिव्याखाली धरून चारी बाजूंनी बघितला. मग बोट फिरवलं, कडेकडेनं, तळाशी. साखरेचा एक दाणासुद्धा नव्हता.

मी झाकण लावलं आणि डबा नव्या पाटीशेजारी ठेवला.