शिट्टी विक, काठी घे

"ताट वर न्यायचं नाही, काका. इथंच बसून जेवायचं." दारावरच्या मुलीने एका हाताने तापमापक माझ्या कपाळावर रोखला होता आणि दुसरा हात लिफ्टच्या वाटेवर आडवा धरला होता.

"मी पंच आहे."

"मग? पंचांना भूक वेगळी लागते का?"

आता या मुलीला काय सांगणार? तेवीस वर्षं मी बास्केटबॉलच्या व्यावसायिक लीगमध्ये शिट्टी वाजवतोय आणि एकाही खेळाडूसोबत जेवलेलो नाही. नियम कुठे लिहिलेला नाही, माझा मीच केलेला. सामना संपला की मागच्या दाराने बाहेर, वाटेतले प्रवासी घेत जाणाऱ्या जीपनीत बसून मालाबोनला घरी, बायकोच्या, पुरिंगच्या हातचं गरम. खेळाडूच्या हातचं पाणीसुद्धा मी घेत नाही. आज पाणी घेतलं की उद्या त्याच्यावर वाजवताना शिट्टीचा घसा बसतो.

मार्चमध्ये साथीमुळे लीग बंद पडली. सात महिने मी घराच्या छपरावर टोमॅटो लावले, आणि शेजारच्या कोंबडीला शिट्टी वाजवून 'बाहेर' देताना बायकोने मला दोनदा पकडलं. ऑक्टोबरात लीग पुन्हा सुरू करायचं ठरलं तेव्हा सगळे संघ, प्रशिक्षक, पंच, कपडे धुणारे, मालिश करणारे अशा सगळ्यांना क्लार्क शहरातल्या या एकाच हॉटेलात आणून कोंडलं. हॉटेल ते कोर्ट, कोर्ट ते हॉटेल. आतला बाहेर जाणार नाही, बाहेरचा आत येणार नाही. साठीच्या वरच्यांना तर घेतलंच नाही. मी सत्तावन्नचा, म्हणून निभावलं.

आणि जेवायला सगळ्यांना एकच हॉल. त्या पहिल्या रात्री मी कोपऱ्यात भिंतीकडे तोंड करून जेवलो. दुसऱ्या दिवसापासून मुलीचा डोळा चुकवून ताट खोलीत न्यायला लागलो.

सामने सुरू झाले, पण ते ऐकू येईनात. म्हणजे नको ते ऐकू यायला लागलं. बुटांची करकर, प्रशिक्षकांच्या शिव्या, माझाच धापा टाकणारा श्वास. खुर्च्या रिकाम्या. कर्ण्यांतून गर्दीचा आरडाओरडा लावायचे, तो कुठल्या तरी जुन्या सामन्यांचा गोळा केलेला. त्यात टाळ्या होत्या, ढोल होता, पण पंचाला शिवी घालणारा एकही माणूस नव्हता. पंचाला शिवी न देणारी गर्दी या देशात कुठे भेटते ते मला दाखवा!

मला आठवण यायची ती दोमिंगची. जीपनी चालवणारा बुटका, टकला माणूस. आर्विन लाक्सामानाचा बाप. पोरगा लीगमध्ये आला तेव्हापासून बारा वर्षं हा बाप चौथ्या रांगेत, माझ्या पाठीमागे. पोराविरुद्ध शिट्टी वाजली की उभा राहायचा आणि माझं नाव घेऊन ओरडायचा, "तेरोय, आंधळ्या! शिट्टी विक, काठी घे!" पोराच्या बाजूने वाजली तरी ओरडायचा, "उशिरा दिसलं रे आंधळ्या!" मी मागे वळायचो नाही. फक्त एक हात कानाला लावायचो, म्हणजे ऐकू आलं नाही, पुन्हा बोल. लगेच तो दुप्पट जोरात ओरडायचा. लोक हसायचे. बारा वर्षं हे चाललं.

आम्ही एकदाच बोललो. पुरिंगचं पोटाचं ऑपरेशन झालं होतं त्या आठवड्यात, मध्यंतराला मुतारीत. तो शेजारी उभा राहून म्हणाला, "बायको बरी आहे का?" मी म्हणालो, "बरी आहे." त्याने हात धुतले आणि उत्तरार्धात मला आधीपेक्षा वाईट शिव्या घातल्या.

एप्रिलमध्ये तो साथीत गेला. ना आमच्या रीतीचं मयताजवळचं जागरण, ना त्यातले पत्ते, ना कॉफी-बिस्किटं. आर्विनला रक्षेचा डबा दारात मिळाला म्हणे. मी पंच, खेळाडूला फोन करत नाही. सांत्वनाचं एक वाक्य मात्र सहा महिने तोंडात घोळवत होतो.

एकदा लिफ्टमध्ये आम्ही दोघंच होतो. तो एका कोपऱ्यात, मी दुसऱ्या. जमिनीवर पावलांचे ठसे चिकटवलेले, त्यावरच उभं राहायचं.

"कुया तेरोय," तो म्हणाला. सगळे खेळाडू मला कुया म्हणतात, थोरला भाऊ. "यंदा कुणी ओरडत नाही. बरं वाटत असेल ना?"

"कान दुखतात," मी म्हणालो. दार उघडलं आणि तो गेला. वाक्य तोंडातच राहिलं.

उपांत्य फेरीच्या शेवटच्या सामन्याच्या सकाळी लीगचे किझोन साहेब मला व्हरांड्यात भेटले. पंचांच्या नेमणुका तेच करायचे आणि मला आडनावाने हाक मारायचे.

"मानान्साला, अख्खा देश घरात बसून बघतोय. आर्विनची गोष्ट लोकांना रडवतेय. बाप गेलेला पोरगा अंतिम फेरीत! शेवटच्या मिनिटाला शिट्टी जरा जपून. खेळू द्या पोरांना."

"खेळू देतोच की साहेब. बाहेर गेले की सांगतो."

"तुमचं कंत्राट या डिसेंबरात संपतंय ना?"

"संपतंय," मी म्हणालो. धमकी द्यायची तर सरळ द्यावी, असं म्हणावंसं मला फार वाटलं, पण साहेबांच्या तोंडावर मास्क होता आणि माझ्याही.

सामना संध्याकाळी चारचा. शेवटचे तीन सेकंद. आर्विनचा संघ एका गुणाने मागे. चेंडू आर्विनकडे. तो उजव्या कोपऱ्यातून मागच्या रेषेच्या कडेने घुसला, दोघांना चुकवलं आणि उडी मारली. उडी मारण्याआधी त्याचा डावा पाय रेषेवर पडला, म्हणजे बाहेर. अर्धा बूट. मी दोन हातांवर होतो. शिट्टी वाजली आणि चेंडू जाळ्यातून खाली आला.

त्याचा सगळा संघ नाचत कोर्टात घुसला. एकटा आर्विन नाचत नव्हता. शिट्टी वाजल्यावर खेळाडू आधी पंचाकडे बघतो. त्याने आधी आपल्या पायाकडे पाहिलं.

आम्ही तिघं पंच चित्रण पुन्हा बघायच्या पडद्यापाशी गेलो. चार कॅमेरे, आणि चारही ठिकाणी बचाव करणाऱ्या धिप्पाड माणसाची पाठ आडवी. पाय दिसतच नव्हता. कर्ण्यांतली गर्दी कुणीतरी बंद केली होती.

"कुया," धाकटा पंच दिनो पुटपुटला, "चित्रात काही नाही. नक्की दिसलं नव्हतं म्हण. बास्केट देऊन टाकू. कोण विचारणार आहे?"

"मी विचारणार आहे."

"तुझी नोकरी जाईल रे."

"जाऊ दे. पाय बाहेर होता. मी पाहिला." हे मी इतक्या मोठ्याने म्हणालो की रिकाम्या खुर्च्यांपर्यंत ऐकू गेलं. बारा वर्षं मला आंधळा म्हणणारा माणूस चौथ्या रांगेत नव्हता, म्हणून काय मी त्याच्या पोराला दयेचे दोन गुण द्यायचे? दोमिंगने ते घेतले असते? माझ्या तोंडावर फेकले असते.

मी हात फिरवून दाखवला. बास्केट रद्द. चेंडू दुसऱ्या संघाचा. सामना संपला.

किझोन साहेबांनी वेळ दवडली नाही. कपडे बदलायच्या खोलीबाहेरच त्यांनी सांगितलं, "तुम्ही दमलात. अंतिम फेरीला विश्रांती घ्या. उद्या सकाळी आठला गाडी तुम्हाला घरी सोडेल."

"डिसेंबरनंतर?"

ते घड्याळाकडे बघून निघाले. हेच उत्तर. मी शिट्टी गळ्यातून काढली, धुतली, पुसली आणि खिशात ठेवली. वाईट वाटलं. खोटं कशाला बोलू, फार वाईट वाटलं.

खोलीत आलो तर पुरिंगचा फोन. ही बाई माझा प्रत्येक सामना बघते आणि प्रत्येक सामन्यानंतर मी कुठे चुकलो ते सांगते. तेवीस वर्षांत एकही सुट्टी नाही.

"पाय बाहेर होता?" तिने विचारलं.

"होता."

"मला नाही दिसला. शेजाऱ्यांनाही नाही दिसला. कोपऱ्यावरचा तो दुकानदार तर म्हणतो, तुला परत गल्लीत घ्यायचंच नाही."

"मग?"

"मग काय? तुला दिसला ना? जेवून घे. आणि खोलीत नको जेवूस चोरासारखा. खाली जा."

मी खाली गेलो.

दारावरच्या मुलीने तापमापक रोखला, आकडा पाहिला आणि बाजूला झाली. हॉल भरलेला होता. टेबलाटेबलांवर पारदर्शक पडदे, त्यांच्या मागे दोनशे तोंडं. मी आत शिरलो तसे चमचे थांबले. मी लसणीचा भात घेतला, तळलेला बांगूस मासा घेतला, वर व्हिनेगर ओतलं. आणि कोपऱ्यात गेलो नाही. बरोबर मधलं टेबल मोकळं होतं, तिथे बसलो, सगळ्यांकडे तोंड करून. मास्क काढला. ज्याला माझं तोंड बघायचंय त्याने बघावं.

हॉलभर तीच ती सात महिन्यांची शांतता. मी चावत राहिलो.

मग खिडकीकडच्या टेबलावर खुर्ची सरकली. आर्विन उभा राहिला. त्याचा प्रशिक्षक त्याची बाही ओढत होता, त्याने ती सोडवून घेतली.

"तेरोय!" तो ओरडला. कुया नाही, काही नाही. "आंधळ्या! शिट्टी विक, काठी घे!"

तोच आवाज. तीच 'काठी'वरची लांबण.

"मास्क! मास्क लावून बोला!" दारावरची मुलगी धावली. दिनो माझ्याकडे असा बघत होता, जणू आता मारामारी होणार.

सहा महिने तोंडात घोळवलेलं वाक्य मला त्या वेळी आठवेना. मी चमचा खाली ठेवला आणि उजवा हात कानाला लावला.

आर्विनने श्वास घेतला. या वेळी दुप्पट जोरात ओरडला. 'शिट्टी विक' छान आलं, पण 'काठी'वर त्याचा आवाज फाटला, आणि तो तसाच उभा राहिला, टेबलावर दोन्ही हात टेकून.

मी हात कानावरून काढला नाही. बराच वेळ तसाच ठेवला. मग तो खाली बसला, त्याने आपलं ताट जवळ ओढलं, आणि मीही जेवायला लागलो. मासा गार झाला होता. मी काट्यापर्यंत सगळा संपवला.