भाताचा शेंडा

मित्रांनो, मी एक म्हातारा लाइट मीटर, म्हणजे उजेड मोजणारं यंत्र. मुठीत मावतो. माझा काटा आता हलत नाही, पण आठवण शाबूत आहे.

जन्म जपानमधल्या कारखान्यातला, आयुष्य मात्र जकार्तात गेलं, छायालेखक तर्मिझींच्या गळ्यात. नटीच्या गालाशी मला धरून ते काटा बघत. एका चित्रपटात कोळीवाड्यातल्या संध्याकाळच्या दृश्यासाठी त्यांनी सगळ्यांना नऊ दिवस थांबवलं. निर्माते करवादले, "रोजच मावळतो की सूर्य. आजचा काय वाईट आहे?"

"आजचा घाईत आहे," तर्मिझी म्हणाले.

चित्रीकरणाच्या पहिल्या दिवशी आमच्याकडे पिवळ्या भाताचा उंच सुळका रचतात आणि त्याचा शेंडा सगळ्यांत मानाच्या माणसाला देतात. तो दर वेळी तर्मिझींनाच मिळायचा. मला वाटे, मान असाच टिकतो. खुळाच होतो मी.

त्या चित्रपटाचे डबे निर्मात्यांनी दमट माळ्यावर टाकले. चाळीस वर्षांनी उघडले, तेव्हा नावांचं पहिलं रीळ आंबट वास मारत चिकटून बसलं होतं. बाकीचं वाचलं. नव्या प्रतीसाठी नावं निर्मात्यांचे चिरंजीव रुस्दी यांनी आठवतील तशी लिहिली. छायालेखक म्हणून आपल्या मामाचं नाव घातलं. हे मामा तेव्हा कॅमेऱ्यावर छत्री धरायचे.

तर्मिझींनी फोन केला. आमच्याकडे वडीलधाऱ्यांना 'पाक' म्हणतात. रुस्दी म्हणाले, "पाक, प्रत तयार झाली हो. पुढच्या वेळी बघू."

"ब्याऐंशीव्या वर्षी कसली रे पुढची वेळ?"

तरी नव्या प्रतीच्या पहिल्या खेळाच्या सोहळ्याला ते गेले, इस्त्रीचा बाटिक सदरा घालून, मला खिशात टाकून. पडद्यावर ती संध्याकाळ आली. टाळ्या पडल्या. मामांनी उठून छातीवर हात ठेवला आणि मान लववली. खिशात तर्मिझींची मूठ माझ्याभोवती आवळली. मला फार वाईट वाटलं.

मग इथेही पिवळ्या भाताचा सुळका आला. रुस्दी म्हणाले, "पाक, तुम्ही वयाने मोठे. शेंडा कापा आणि मामांच्या हाती द्या."

तर्मिझींनी शेंडा कापला, आपल्याच ताटात घेतला आणि सगळ्यांसमोर उभ्यानेच शेवटच्या शितापर्यंत खाल्ला.

"मीठ कमी आहे," म्हणाले आणि घरी निघाले.

प्रत कोणी बदलली नाही. वर्षभरात ते गेले. जाण्याआधी माझ्या पाठीवर कागदाची पट्टी चिकटवून त्यांनी लिहिलं, 'कोळीवाड्यातली संध्याकाळ तर्मिझीने टिपली.'

मित्रांनो, मला पुसूनबिसून ठेवा असं मी म्हणणार नाही. जपायचे होते ते डबे. मी कुठल्या कपाटात सापडलो, तर एवढंच करा, मला उलटा करून पाठ वाचा. जरा लवकर वाचा. शाई फिकट होत चालली आहे.