एका दिवसाची खुर्ची

"बसा की मॅडम, लाजता काय? खुर्ची तुमचीच हाय," संस्थेचे अध्यक्ष आप्पासाहेब म्हणाले आणि त्यांनी आपल्या उपरण्याने खुर्ची पुसली.

राजेश्वरी साळवे बसल्या नाहीत. ज्या माणसाने सात वर्षं त्यांना या खुर्चीजवळ फिरकू दिलं नव्हतं, त्याच्या हाताने पुसलेल्या खुर्चीची त्यांना किळस आली. आज नोकरीचा शेवटचा दिवस होता.

सेवाज्येष्ठतेने मुख्याध्यापकपद त्यांचंच. पण बौद्धवस्तीतल्या बाईच्या हाताखाली संचालकांच्या लेकीसुनांनी कसं राबायचं? हे कोणी उघड बोललं नाही, संस्थेने फक्त दुसऱ्याला प्रभारी नेमलं. बाई न्यायाधिकरणात जाऊन जिंकल्या, तर संस्थेने वरच्या कोर्टात अपील ठोकलं. तारखा पडत राहिल्या आणि बाई नववीला भूगोल शिकवत राहिल्या. दुपारच्या सुट्टीत घरी गेलेल्या मुली परत यायच्या नाहीत, कारण शाळेच्या संडासाला दार नव्हतं. बाईंनी त्यासाठी कितीदा अर्ज केले, पण प्रभारीसाहेबांना त्याचं सोयरसुतक नव्हतं.

"परवा कोर्टात अपील मागं घेतलं," आप्पासाहेब म्हणाले. "म्हटलं, जाताना मॅडमला कशाला तरास? हाय का न्हाई मोठं मन?"

शाल झाली, नारळ झाला, फोटो झाला. घोडेगावच्या बाजारात न्यायच्या आधी म्हशीला धुऊन शिंगांना तेल लावतात, ते बाईंनी लहानपणी पाहिलं होतं. आता गिऱ्हाईक कोण, एवढंच कळायचं बाकी होतं.

"एकच काम हाय," आप्पासाहेबांनी आवाज खाली आणला. "आमच्या सूनबाईंकडं चार्ज देऊन टाका. वाद कोर्टात हुता, म्हनून नेमनूक अडकली हुती."

"संस्कृतीकडे? तिच्याहून सीनिअर चौघं आहेत."

"त्यांचं आमी बघतो. तुमी निस्ती सही करा."

बाईंना तिथेच थुंकावंसं वाटलं. सात वर्षांचं भांडण यांनी सुनेसाठी मिटवलं होतं, आणि वर मोठ्या मनाचा डांगोरा!

"ज्याचा हक्क आहे त्यालाच चार्ज देईन."

"पेन्शनचे कागद आमच्याकडनंच जायचेत मॅडम, इसरू नका."

"नाही विसरले. पण संध्याकाळपर्यंत मुख्याध्यापक मी आहे."

आप्पासाहेब तणतणत निघून गेले. बाईंनी चार्जचा कागद लिहिला, चौघांत ज्येष्ठ असलेल्या ज्ञानेश्वर सरांचं नाव घातलं आणि उभ्या उभ्याच सही केली. मग शिपायाला हाक मारली.

"भिमाजी, मुलींच्या संडासाला दार कधी बसणार?"

"बजेट न्हाई म्हनत्यात, बाई."

"मग सुतळी आण, दोन खिळे आण. तोवर पडदा तरी लावू."

"पडदा कुठनं आनायचा?"

बाईंनी टेबलावरची शाल उचलली.

मधल्या सुट्टीत संडासापुढे मुलींची रांग लागली. शाल अपुरी पडत होती आणि वारा तिचं टोक उडवत होता. बाईंनी ते हाताने घट्ट धरलं आणि पाठ फिरवून उभ्या राहिल्या.

"नवी शाल हाय बाई," रांगेतली एक मुलगी हळूच म्हणाली. "घान व्हईल."

"होऊ दे," बाई म्हणाल्या. "जा तू आत, मी आहे इथे."