दारातला पहिला टेक

दमयंतीने सुटकेस पुन्हा दाराबाहेर ओढली आणि कॅमेऱ्यामागच्या विभाला विचारलं,

"दोघंही येतोय ना फ्रेममध्ये?"

"तुम्ही येताय, ताई. दादा सारखे मागे सरकतायत."

हेमचंद्र कसनुसं हसला. योकोहामातल्या बँकेत काम करणाऱ्या या माणसाचा अभिनयाशी संबंध बायकोच्या फिल्म्स बघण्यापुरता. पण नवऱ्याची भूमिका करणारा शशांक ऐन वेळी तोयोसूच्या ऑफिसात अडकला होता आणि पीएचडी करणाऱ्या विभाला विद्यापीठाचा कॅमेरा आजच परत द्यायचा होता.

लग्नाआधी दमयंतीने पुण्यात बऱ्याच मराठी शॉर्टफिल्म्समध्ये कामं केली होती. दिग्दर्शन मात्र पहिल्यांदाच. कथा तिचीच होती. भूकंपानंतर फुकुशिमाच्या अणुभट्टीच्या बातम्या सुरू झाल्या, तशी ती छोट्या मुलीला, संपदाला घेऊन पुण्याला निघून गेली. हेमचंद्र इथेच राहिला. काही महिन्यांनी ती परतली. त्याने दार उघडलं, बॅग आत घेतली. त्यानंतर दोन वर्षांत तो विषय निघाला नव्हता. पटकथेत तिने नवऱ्याच्या तोंडी वाक्य घातलं होतं, 'तू गेलीस याचा मला राग नाही.' ते तिने कितीदा तरी खोडून पुन्हा लिहिलं होतं.

"ॲक्शन," तिनेच म्हटलं आणि बेल वाजवली.

हेमचंद्रने दार उघडलं. बॅगेला हात घातला आणि तसाच उभा राहिला. विभा वाक्य सांगणार, तेवढ्यात तो म्हणाला,

"तू गेलीस तेव्हा मला सुटल्यासारखं झालं."

दमयंतीने मान वर केली.

"जरा काही हललं की हातपाय कापायचे माझे. बाथरूममध्ये जाऊन बसायचो. फोनवर तुला सांगायचो, सगळं ठीक आहे. तुम्ही इथे असता तर संपदाने ते पाहिलं असतं."

तिचं पुढचं वाक्य होतं, 'आत येऊ?' ते तिने म्हटलं नाही. त्याच्या हातातली बॅग काढून खाली ठेवली आणि त्याचा हात धरून उभी राहिली.

"कट," शेवटी विभाच म्हणाली. "ताई, असा टेक परत मिळणार नाही."

हेमचंद्र भानावर आला.

"लोक हे बघणार?"

दमयंतीने छोट्या स्क्रीनवर टेक शेवटपर्यंत पाहिला. इतकं खरं काम तिच्या कुठल्याच फिल्ममध्ये नव्हतं, तिचंसुद्धा.

"फोकस गेलाय," ती म्हणाली. "परत घेऊ. या वेळी लिहिलंय तेच म्हण."

विभा काही बोलणार होती. दमयंतीच्या चेहऱ्याकडे बघून तिने मुकाट्याने ट्रायपॉड सारखा केला.

फिल्म पुण्यातल्या एका महोत्सवाला गेली. बक्षीस मिळालं नाही. परीक्षकांचा अभिप्राय हेमचंद्रने मोठ्याने वाचला.

"दिग्दर्शिका आणि अभिनेत्री म्हणून आश्वासक. नवऱ्याचं काम मात्र कोरडं. हा माणूस आतून कुठेच हललेला वाटत नाही."

त्याने फोन खाली ठेवला.

"पहिला टेक पाठवला असतास तर?"

"तर बहुतेक बक्षीस मिळालं असतं," दमयंती म्हणाली आणि तिने संपदाला जेवायला हाक मारली.