अंगठ्याला तूप

मशीनच्या नोंदीप्रमाणे डिसेंबर ते फेब्रुवारी मी कॉलेजात नव्हतेच. मग कुठे होते? रोज उंद्रीहून पहिल्या बसने येऊन तिसऱ्या बाकावर बसणारी कोण होती? मला सारखं वाटायचं, एक धम्मशीला वर्गात आहे आणि दुसरी, मशीनने ठरवलेली गैरहजर, पांढऱ्याशुभ्र शेतात हुंदडते आहे. त्या दुसरीचा मला हेवाच वाटायचा.

दोष अंगठ्याचा. दुपारी घरी आले की मायसोबत मजुरीने कापूस वेचायला जायचं. वाळल्या बोंडांची टोकं लागून अंगठ्यावरच्या रेघा खरवडून निघाल्या होत्या. वर्गाच्या दारातल्या मशीनवर अंगठा ठेवला की लाल दिवा.

"जाय बाई, तास सुरू झाला," शिपाई शंकरराव म्हणायचे.

मी आत जायची, हजेरी बाहेरच राहायची. कागदी हजेरी यंदापासून बंद होती.

एप्रिलमध्ये यादी लागली. माझी हजेरी बेचाळीस टक्के, हवी पंचाहत्तर. बी.ए.च्या शेवटच्या वर्षाच्या परीक्षेला बसता येणार नाही. वह्या दाखवल्या, तर ऑफिसातले म्हणाले, मैत्रिणीच्या वहीतून कोणीही उतरवतं. आमच्या नात्यातल्या प्रसेनजित वकिलांनी विद्यापीठाकडे तक्रार केली आणि चौकशीला समिती आली. "इथं नाही झालं तं नागपूरले हायकोर्टात जाऊ," वकील म्हणाले. पण परीक्षा दहा दिवसांवर होती, आणि हायकोर्ट मला ढगांपलीकडचं वाटत होतं.

समितीच्या मॅडमनी मशीन टेबलावर ठेवायला लावलं. "ठेव अंगठा."

ठेवला. पहिल्या झटक्यात हिरवा दिवा.

"मशीन ठीक आहे. अंगठाही ठीक आहे," मॅडम म्हणाल्या. वकील खाली बघू लागले. मला माझ्याच अंगठ्याचा असा राग आला की काय सांगू!

तेवढ्यात माझ्यासोबत आलेली माय मागच्या बाकावरून उठली.

"बाईसाहेब, म्या आठ दिवस तूप चोळलं तिच्या अंगठ्याले. शेजारच्या मंजुळाबाईकडून वाटीभर आणलं. मोठ्या माणसांसमोर पोरीचा अंगठा चालला पाह्यजे ना!"

खरंच, रोज संध्याकाळी ती माझा हात मांडीवर घ्यायची. कोमट तुपाच्या वासात मला गुंगी यायची, कापूस आभाळातून उतरताना दिसायचा. आपण आपलाच पुरावा पुसतोय हे एवढी शिकलेली असून माझ्याही डोक्यात आलं नाही.

मॅडमनी चष्मा काढला. "तुम्हीही वेचता कापूस?"

"हाव. आता पऱ्हाटी, कापसाची वाळली झाडं, उपटून राह्यलो."

"इकडे या. शंकरराव, यांच्या अंगठ्याची नवीन नोंद करा."

मायने पदराला अंगठा पुसून मशीनवर टेकवला. लाल. पुन्हा पुसला. लाल. दुसऱ्या हाताचा ठेवला. लाल. तिला वाटलं, परीक्षा तिचीच आहे आणि ती नापास होते आहे. कपाळावर घाम आला. "थांबा बाईसाहेब, अजून एक डाव." माय, पुरे, असं मला ओरडावंसं वाटत होतं, पण वकिलांनी डोळ्यांनी गप्प केलं. आणि मी मनात म्हणत होते, लाल लाग, लालच लाग. इतकी लाज मला कधी वाटली नव्हती.

अकराव्यांदा लाल दिवा लागला तेव्हा मॅडम लिहायचं थांबल्या. "बसा बाई. झालं." मग त्यांनी वाचून दाखवलं: मशीनवरील हजेरीची नोंद ग्राह्य धरता येत नाही, विद्यार्थिनीस परीक्षेस बसू द्यावे.

मायला त्यातलं काही कळलं नाही. बाहेर कडुनिंबाखाली ती रडायलाच लागली. "माह्यामुळं गेलं बाई तुह्यं वर्ष. माहा अंगठाच नाही चालला."

"नाही चालला म्हणूनच वाचलं, माय."

"काहीबाही नको सांगू मले."

तिने विश्वास ठेवला नाही. संध्याकाळी वाटीतलं उरलेलं तूप मी कोमट केलं आणि तिचा हात मांडीवर घेतला. ती बसल्या बसल्या झोपली. अंगठा दगडासारखा गुळगुळीत, एकही रेघ नव्हती. तूप संपलं तरी मी चोळत राहिले.