जळता दरवाजा

पंचगंगेच्या पलीकडे माघातला सूर्य केशरी होत होता. माळावर उभारलेल्या लाकडी गडाची तटबंदी त्या तिरप्या, तप्त उजेडात खऱ्या पाषाणासारखी दिसत होती.

मचाणावर त्र्यंबकराव सरनोबत बसले होते. बावीस चित्रपटांचे दिग्दर्शक. त्यांनी पडद्यावर सेतू बांधला, गोवर्धन उचलला. त्यांच्या देवांपुढे लोकांनी थिएटरात नारळ फोडले. पुराणांतून ते इतिहासात आले, आणि त्याच वाटेवर कुठेतरी त्यांच्या डोळ्यांत धुके उतरले. दाट, दुधाळ, दिवसागणिक वाढणारे धुके.

हे फक्त कॅमेरामन इस्माईलला ठाऊक होते. तो कानाशी लागून दृश्य सांगे. त्र्यंबकराव मान डोलावत. आणि लोक म्हणत, काय नजर आहे!

आज गडाचा दरवाजा जळायचा होता. दरवाजा एकच. पुन्हा बांधायला ना लाकूड होते, ना स्टुडिओच्या मालकाची तयारी. जळत्या कमानीखालून तलवार उपसून राणी बाहेर पडणार होती. राणी म्हणजे वत्सला, त्यांनीच घडवलेली नटी.

"दहा मिनिटांचा उजेड आहे, दादा," इस्माईल म्हणाला.

"पेटवा!"

ज्वाळा उसळल्या. रक्तवर्णी, सुवर्णवर्णी, सहस्रजिव्हा ज्वाळा. शंभर मावळे श्वास रोखून उभे राहिले. कॅमेरा घरघरू लागला. राणीने पाऊल उचलले.

त्र्यंबकरावांपुढे नुसता तांबूस डाग थरथरत होता. त्या डागातून धग येत होती, फडफड येत होती. आणि एक बारीक, कोरडी करकर. जन्मभर लाकडाचे स्वर्ग उभारणाऱ्याच्या कानांनी ती ओळखली.

"इस्माईल, वरची तुळई बघ!"

"धुरात दिसत नाही. पण दादा, शॉट काय उतरतोय!"

असा शॉट पुन्हा मिळणार नव्हता. कदाचित चित्रपटही.

"कट! वत्सला, माघारी फीर!"

ती वळली. तुळई कोसळली. ठिणग्यांचे कारंजे आभाळाला भिडले, आणि सूर्य बुडाला.

वत्सला धापा टाकत मचाणाखाली आली. "दादा, एवढ्या लांबून दिसलं कसं तुम्हाला?"

इस्माईलने मान खाली घातली.

"दिसलं नाही, पोरी," त्र्यंबकराव म्हणाले, साऱ्या माळाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "ऐकू आलं. मला दिसत नाही. वर्ष झालं."

राणीने तलवार म्यान केली, हात पुढे केला. तो धरून ते एकेक पायरी उतरले. आणि शंभर मावळ्यांनी भाले खाली करून वाट दिली. त्यांच्या पागोट्यांवर राख उतरत होती, हलके हलके, निःशब्द.