उजवा खटका

माझ्या भावाने बत्तीस वर्षं ट्रक चालवला, आणि निवृत्त झाल्यावर काय करावं, तर टीव्हीवर ट्रक चालवायला लागला. गेमचा कन्सोल आणला, दोन कंट्रोलर आणले आणि रोज संध्याकाळी सहाच्या ठोक्याला माझ्याकडे येऊन खुर्ची टीव्हीसमोर ओढून बसायला लागला. तो आणि वहिनी खालच्या मजल्यावर, मी वरच्या. हे धूड स्वतःच्या घरी का नाही ठेवलं, तर वहिनी म्हणाल्या होत्या, "बत्तीस वर्षं रस्त्यावर होतात, आता घरात तरी माणसात या." मी एकटी राहते. माझ्या बैठकीत काय असावं यावर वाद घालायला दुसरं कुणी नाही, याचा दादाने पुरेपूर फायदा घेतला.

त्या गेममध्ये मारामारी नाही, शर्यत नाही. माल भरायचा, चारशे किलोमीटर न्यायचा, उतरवायचा आणि परत यायचं.

"याला खेळ म्हणतात?" मी विचारायची. "हे तर तुझं कामच आहे, फक्त पगार नाही."

"आणि डास नाहीत, पंक्चर नाही, मालकाचा फोन नाही. तू गप्प बस, इन्स्पेक्टर."

इन्स्पेक्टर मी कुठलीही नाही. मी वजनकाटे दुरुस्त करते आणि तपासते. औषधांच्या दुकानातल्या चिमूटभर वजनाच्या काट्यापासून ते ट्रक उभा राहतो त्या भुईकाट्यापर्यंत सगळे. काटा बरोबर असेल तर माझी सही, नसेल तर नाही, मग समोर कुणी का असेना. यावरून मी बऱ्याच लोकांच्या डोक्यात जाते. दादाचा ट्रक एकदा मी तपासलेल्याच काट्यावर आला, माल जास्त भरला आणि काटाच चुकलाय असं लिहून दे म्हणाला, तेव्हा त्यालाही मी परत पाठवलं होतं. तेव्हापासून मी इन्स्पेक्टर.

गेल्या वर्षी त्याच्या उजव्या हाताला मुंग्या यायला लागल्या. मग कप हातातून सुटला, मग शर्टाची बटणं लागेनात. इथला डॉक्टर म्हणाला, मानेत नस दबली आहे. वहिनींची बहीण राहते त्या गावात मोठं हॉस्पिटल आहे, म्हणून दोघं तिच्याकडे तळमजल्यावरच्या खोलीत राहायला गेले. जाताना दादाने एक कंट्रोलर आणि टॅबलेट बरोबर नेला. कन्सोल राहिला माझ्याकडे. तो इथे चालू असला की इंटरनेटवरून चित्र त्याच्या टॅबलेटवर दिसतं आणि त्याने तिथे बटण दाबलं की ट्रक इथे हलतो. माझ्या टीव्हीवरही तेच चित्र दिसतं. खुर्ची रिकामी, आणि समोर दादाचा ट्रक आपला रस्त्याने चाललाय. पहिल्या दिवशी मला ते बघवेना. नंतर मी माझा चहा सहा वाजताच करायला लागले.

पहिल्या संध्याकाळी काही जुळेचना.

"चित्र दिसतंय, पण ट्रक ढिम्म," दादा फोनवर म्हणाला.

"कंट्रोलरचा दिवा लागलाय का?"

"लागतो आणि विझतो."

"अरे, तो अजून माझ्या घरातल्या कन्सोललाच शोधतोय. त्याला तुझ्या टॅबलेटशी नव्याने जोडावं लागेल. मधलं बटण आणि डावीकडचं छोटं बटण, दोन्ही एकदम दाबून धर. दिवा भराभर लुकलुकेपर्यंत सोडू नकोस."

"दोन्ही एकदम नाही दाबता येत," तो म्हणाला. मग वहिनींचा आवाज आला आणि वहिनींनी बटणं दाबली. कंट्रोलर जोडला गेला. मी माझ्यावरच खूश झाले. दादाला दोन बटणं एकदम का दाबता आली नाहीत, हे विचारायचं माझ्या डोक्यातसुद्धा आलं नाही.

पुढच्या आठवड्यात रोज मधेच त्याचं कनेक्शन तुटायला लागलं. मी त्याच्या राउटरला शिव्या घातल्या, वहिनींना टॅबलेट घेऊन खोलीभर नाचवलं, खिडकीपाशी, दारापाशी, कपाटावर. शेवटी कळलं की चूक माझीच. दादा खेळत असताना मी टीव्हीखालचं फडताळ पुसायची आणि तिथला दुसरा कंट्रोलर उचलायची. चुकून त्याचं बटण दाबलं जायचं, कन्सोलला वाटायचं घरचा माणूस खेळायला बसला आणि तो दादाला बाहेर काढायचा. "वा, इन्स्पेक्टर," दादा हसून हसून दमला. त्या दिवशी तो खूप हसला होता, म्हणून मला तो दिवस आठवतो.

खरा बिघाड त्यानंतर सुरू झाला. ट्रकला वेगच येईना. कंट्रोलरच्या पुढच्या अंगाला दोन खटके असतात, डावा ब्रेकचा आणि उजवा वेगाचा. उजवा पूर्ण दाबला की ट्रक पूर्ण वेगाने जायला हवा. दादाचा ट्रक चाळीसच्या वर जाईना. मागून गाड्या हॉर्न वाजवत पुढे जायच्या आणि माझा जीव वरखाली व्हायचा.

मी कंबर कसली. चार्जिंग बघ, झालं. टॅबलेट जवळ घे, झालं. वायफायवरच्या बाकीच्या गोष्टी बंद कर, झालं. ब्लूटूथ विसरायला लावून परत जोड, वहिनींनी तेही केलं. मग मी त्याला तपासणीचा पडदा उघडायला लावला. तिथे खटका किती दाबला गेला याचा आकडा दिसतो. मोकळा असेल तर शून्य, पूर्ण दाबला तर शंभर.

"पूर्ण दाब. किती?"

"बहात्तर."

आकडा मिळाला की मला बरं वाटतं. खटका झिजलाय, मी ठरवलं. झिजलेल्या काट्याचं मी जे करते तेच केलं. दादाने खेळ बंद केल्यावर मी माझ्याकडचा कंट्रोलर घेतला आणि गेमच्या सेटिंगमध्ये सांगून टाकलं की सत्तरलाच पूर्ण दाब धर. दुसऱ्या दिवशी ट्रक सुसाट गेला. दादा फोनवर शीळ घालत होता.

तीन आठवड्यांनी आकडा पंचावन्न झाला. मी सेटिंग पन्नासवर आणलं. मग एक्केचाळीस, मग तीस. स्टिअरिंगही लटपटायला लागलं, तेव्हा ट्रक आपोआप रस्त्याच्या मधोमध ठेवायची सोय चालू केली. दर वेळी मी कंट्रोलर बनवणाऱ्यांचा उद्धार करायची. एकदा वहिनींनी फोन घेतला. "वन्सं, राहू द्या ना आता ते," एवढंच म्हणाल्या. मी त्यांच्यावरच उखडले. म्हटलं, त्याला दिवसातनं एक तास आनंद मिळतो, तोही तुम्हाला बघवत नाही का? हे वाक्य मी कुठल्या तोंडाने बोलले, असं आता वाटतं.

माझा धंदाच असा आहे की शंका आधी काट्यावर घ्यायची. सव्वीस वर्षं मी तेच करत आले. माणसं तक्रार घेऊन येतात, आणि दहातल्या नऊ वेळा काटाच बिघडलेला असतो. मालाबद्दल मी कधी विचार करत नाही, माल माझा विषयच नाही.

शेवटी मी नवा कंट्रोलर आणला. पाठवण्याआधी माझ्या कामाच्या टेबलावर तो शिकंज्यात धरला आणि उजव्या खटक्यावर माझी पितळी प्रमाण वजनं एकेक करून ठेवली. दोनशे ग्रॅमला आकडा बरोबर शंभर आला. शंभर ग्रॅमला पन्नास. इतका सरळ खटका मी पाहिला नव्हता. गेमचं सेटिंग पुन्हा मूळ जागेवर आणलं आणि कंट्रोलर कुरिअरने पाठवून दिला.

तो पोचला त्या संध्याकाळी दादाने जोडून घेतला, तपासणीचा पडदा उघडला.

"पूर्ण दाब," मी म्हटलं.

"दाबला."

"किती?"

"अठरा."

"नीट वाच."

"अठराच आहे गं."

माझ्यासमोर कागद होता आणि हातात पेन्सिल. सवयीने मी लिहूनही टाकलं, अठरा म्हणजे छत्तीस ग्रॅम. काट्यात दोष नाही, तो मी स्वतः तपासलाय. मग पेन्सिल तिथेच थांबली. छत्तीस ग्रॅम म्हणजे पाच-सहा बिस्किटं. भरलेला ट्रक एका हाताने वळवणाऱ्या माझ्या भावाच्या बोटात आता तेवढीच ताकद उरली होती, आणि गेले पाच महिने मी ती आकड्यांत उतरवून घेत होते.

"दादा," मी म्हटलं.

"कळलं का?" तो म्हणाला. आवाज अगदी नेहमीचा. "मला वाटलंच, नवीन कंट्रोलर आला की तुला कळणार."

"तुला कधीपासून माहीत आहे?"

"इथे आलो त्याच्या दुसऱ्या महिन्यात. मानेचं नाही ते. एकेक नस निकामी होत जाते. आधी ताकद जाते, मग स्पर्शही जातो. आता डावा पण सुरू झालाय."

"आणि औषध?"

"औषध देतात. द्यायचं म्हणून."

"मला का नाही सांगितलंस?" मी ओरडले. खरंच ओरडले.

"तू सेटिंग बदलायचीस आणि दुसऱ्या दिवशी ट्रक चालायचा," दादा म्हणाला. "तुला सांगितलं असतं तर तू रडत बसली असतीस. सेटिंग कुणी बदललं असतं?"

दुसऱ्या दिवशी कन्सोल चालू ठेवून मी घराला कुलूप लावलं आणि दुपारपर्यंत त्याच्याकडे पोचले. दार वहिनींनी उघडलं. मी त्यांची माफी मागायला तोंड उघडलं तर त्यांनीच मला जवळ घेतलं, आणि मग आम्ही दोघी चपलांच्या मांडणीपाशी उभ्या राहून रडलो. आत दादा खिडकीजवळच्या खुर्चीत बसला होता. मांडीवर उशी, उशीवर कंट्रोलर. समोरच्या टेबलावर टॅबलेट पुस्तकांना टेकवून उभा केलेला. तो निम्मा झाला होता. उजवा हात उशीवर नुसता ठेवलेला होता, आणि मी मुद्दाम त्या हाताकडे न बघता टॅबलेटची जागा बदलत बसले.

"बस इथे," तो म्हणाला. "एक काम आहे. बोटाला खटका लागलाय की नाही हे मला आता कळत नाही. नजर रस्त्यावर ठेवायची की बोटावर? तेव्हा बोटाकडे तू बघायचं. ज्या दिवशी मी चालवत नसेन त्या दिवशी मला सांगायचं. मग बंद. उगाच लुटूपुटूचं चालवायला मी काही लहान मूल नाही."

"वहिनींना सांग."

"ती हो हो म्हणत राहील. तू नाही म्हणणार. म्हणून तुला सांगतोय. सांगशील?"

"सांगेन," मी म्हटलं. त्या वेळी मी ते मनापासून म्हटलं.

मी सुट्टी वाढवली. रोज सहा वाजता वहिनी त्याचं बोट उचलून खटक्यावर ठेवायच्या आणि मी शेजारी स्टुलावर बसायची. अठराचे बारा झाले, बाराचे सात. मी टॅबलेटवरूनच सेटिंग खाली आणत गेले. दादा वाटेतल्या गमती सांगायचा, कुठल्या वळणावर चहा चांगला मिळायचा, कुठल्या चढावर त्याचा जोडीदार झोपेत बडबडायचा. मी अकरा दिवस त्याच्या बोटाकडे बघत होते.

बाराव्या दिवशी आकडा जेमतेम दोन आला. मी सेटिंग दोनवर ठेवलं. इतक्या खाली आणू नये हे मला कळत होतं. स्प्रिंग कितीही चांगली असली तरी मोकळ्या खटक्याचा आकडा अगदी शून्यावर टिकत नाही, एक-दोन इकडेतिकडे थरथरतो, आणि तेवढ्यालाही आता ट्रक दाब समजणार होता. पण तीनला ट्रकला वेग येत नव्हता आणि दादा वाट बघत होता.

ट्रक निघाला. दोन्ही बाजूंना शेतं, रस्ता सरळ, वर ढग. दादाच्या चेहऱ्यावर ऊन पडलं होतं. दहा-बारा मिनिटांनी त्याला जरा खोकला आला, आणि त्याचा उजवा हात कंट्रोलरवरून सरकून उशीवर गेला. बोट खटक्यापासून वीतभर लांब. मी ट्रक थांबायची वाट बघितली. ट्रक थांबला नाही. साठच्या वेगाने, मधल्या पट्ट्यांच्या शेजारून, तो आपला चालत राहिला.

दादा रस्त्याकडे बघत होता.

"इन्स्पेक्टर, लक्ष आहे ना?"

"आहे."

"मीच चालवतोय ना?"

वहिनींनी दाराशी हात पुसता पुसता उशीकडे बघितलं आणि मग माझ्याकडे बघितलं.

"तूच," मी म्हटलं. "पण जरा हळू घे, पुढे वळण आहे."

"घेतो," दादा म्हणाला.

मी हात पुढे नेला आणि त्याचा डावा हात जिथे होता त्याच्या खालून ब्रेकचा खटका हळूच दाबला. साठचे पंचेचाळीस झाले, पंचेचाळीसचे तीस. ट्रक वळला, आणि मी बोट काढून घेतलं.

"जमलं की," दादा म्हणाला.

"जमलं," मी म्हटलं.